अथय्या, भानू

अथय्या, भानू : (२८ एप्रिल १९२९ – १५ ऑक्टोबर २०२०). भारतीय चित्रपटसृष्टीतील श्रेष्ठ वेशभूषाकार व ऑस्कर पारितोषिकाच्या पहिल्या भारतीय मानकरी. पूर्वाश्रमीचे नाव भानुमती राजोपाध्ये. जन्म कोल्हापूर येथे. रिचर्ड ॲटनबरो दिग्दर्शित ‘गांधी’ (१९८२) या चित्रपटाच्या वेशभूषेबद्दल जॉन मोलो या इंग्लिश वेशभूषाकाराबरोबर त्यांना हे पारितोषिक विभागून मिळाले. पन्नासहून अधिक वर्षांच्या कारकीर्दीत त्यांनी शंभरावर चित्रपटांसाठी काम केले. त्यांनी या व्यवसायात प्रवेश केला, तेव्हा हिंदी चित्रपटातील पोशाख हे शिंप्याचे काम किंवा भाड्याने आणावयाचे सामान मानले जाई. त्यांची कारकीर्द संपली, तेव्हा अभ्यास, आरेखन व कारागिरी यांवर आधारलेली एक स्वतंत्र कला म्हणून वेशभूषेला मान्यता मिळालेली होती. या स्थित्यंतरात त्यांचा वाटा फार मोठा आहे. त्यामुळे त्यांच्या कारकीर्दीचा इतिहास हा काही अंशी भारतीय चित्रपटातील वेशभूषेचाच इतिहास ठरतो.

चित्रपटातील वेशभूषेचे कार्य : पात्र पडद्यावर आल्यापासून ते पहिले वाक्य बोलेपर्यंतच्या अल्प काळात त्याचे वय, प्रदेश, व्यवसाय, सांपत्तिक स्थिती आणि स्वभाव यांची कल्पना प्रेक्षकाला येते, ती प्रामुख्याने त्याच्या वेशावरून. हे कार्य नाटकातील वेशही करतो. परंतु तो काही अंतरावरून पाहिला जातो आणि त्यामुळे त्यातील उणिवा झाकल्या जातात. चित्रपटाचा कॅमेरा समीपदृश्यात कापडाची वीण, किनारीचे टाके आणि जरीचा कस हे सर्व उघड करतो. कृष्णधवल चित्रपटात रंग करड्या छटांत उतरतात; तांबडी चोळी आणि हिरवे पातळ पडद्यावर जवळजवळ एकच दिसू शकतात. म्हणून तेथे रंगापेक्षा कापडाचा पोत, त्याची चमक आणि छटेचा गडदपणा यांना अधिक महत्त्व असते. शिवाय चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही. एकाच प्रसंगाचे दोन भाग काही आठवड्यांच्या अंतराने टिपले जातात आणि तरीही पदराची चूण वा बाहीवरील डाग जागचा हलता कामा नये. नवे कापड कॅमेऱ्यापुढे नवेच दिसते. म्हणून शेतकऱ्याचे धोतर पुनःपुन्हा धुऊन, घासून, मळवून जुने करावे लागते. पावसाच्या किंवा झटापटीच्या प्रसंगासाठी एकाच पोशाखाच्या अनेक प्रती तयार ठेवाव्या लागतात. अशा रीतीने वेशभूषाकाराला चित्रकार, इतिहासाचा अभ्यासक आणि कारखानदार या तिन्ही भूमिका पार पाडाव्या लागतात.

पूर्वपरंपरा : भारतीय चित्रपटाच्या आरंभकाळी वेशभूषेचे दोन प्रमुख आदर्श होते : रंगभूमी आणि छापील चित्रे. राजा रविवर्मा यांच्या शिळाछापांनी साडी नेसलेल्या देवता आणि पुराणातील नायिका घरोघर पोहोचविल्या होत्या. दादासाहेब फाळके यांनी काही काळ रविवर्मा यांच्या छापखान्यात काम केले होते आणि त्यांच्या पौराणिक चित्रपटांतील वेशांवर या चित्रांची छाया स्पष्ट दिसते. ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) मधील तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या पुरुष नटाने केली. म्हणजे तेथे स्त्रीत्वाचा भास निर्माण करण्याची बरीचशी जबाबदारी वेशावरच होती. मराठी संगीत रंगभूमीवर बालगंधर्वांच्या भरजरी वस्त्रांनी असाच प्रभाव निर्माण केला होता आणि त्यांच्या नेसण्याचे अनुकरण प्रत्यक्ष स्त्रियाही करीत. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर हे मुळात रंगभूमीचे पडदे रंगविणारे चित्रकार होते. ‘सैरंध्री’ (१९२०) पासूनच्या त्यांच्या मूकपटांत देखावे, वेश आणि प्रकाश यांचा एकत्रित विचार एकाच चित्रकाराच्या दृष्टीने झालेला आढळतो.

ही दृष्टी मात्र पुढे सर्वत्र टिकली नाही. बोलपटांची निर्मिती वाढली, तशी वेशांची व्यवस्था ‘कपडेपट’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या खात्याकडे गेली. पौराणिक आणि ऐतिहासिक पोशाख नाटकमंडळ्यांना माल पुरविणाऱ्या ड्रेसवाल्यांकडून भाड्याने येत. तोच मुकुट आज रामाच्या तर उद्या विक्रमादित्याच्या डोक्यावर दिसे. सामाजिक चित्रपटांत नटनट्या पुष्कळदा स्वतःचेच कपडे वापरीत किंवा आपल्या नेहमीच्या शिंप्याकडून ते शिवून घेत. त्यामुळे एकाच चित्रपटातील पात्रे वेशाच्या दृष्टीने एकमेकांशी असंबद्ध राहत. संपूर्ण चित्रपटाच्या वेशभूषेचा एका सूत्राने विचार करणारी व्यक्ती या व्यवस्थेत क्वचितच असे.

बालपण व शिक्षण : भानुमती या अण्णासाहेब व शांताबाई राजोपाध्ये यांच्या सात अपत्यांपैकी तिसऱ्या. वडील हौशी चित्रकार होते आणि त्यांचा बाबूराव पेंटर यांच्या चित्रपटनिर्मितीशी संबंध आला होता. वडिलांचे छत्र भानुमतींना लहानपणीच अंतरले. परंतु चित्रकलेचा वारसा टिकून राहिला. कोल्हापूर हे त्या काळी चित्रकारांचे, तसेच चित्रपट कंपन्यांचे गाव होते आणि चित्रकलेतून चित्रपटाकडे जाणारी वाट तेथे नवी नव्हती. पुढे मुंबईच्या सर ज. जी. कलाशाळेत त्यांनी शिक्षण घेतले. तेथे त्यांच्या चित्राला १९५१ मध्ये उषा देशमुख पदक मिळाले. १९४७ मध्ये स्थापन झालेल्या प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप या प्रागतिक कलावंतांच्या गटाशीही त्यांचा संबंध आला. फ्रान्सिस न्यूटन सूझा, सय्यद हैदर रझा, मकबूल फिदा हुसेन, कृष्णाजी आरा, हरी अंबादास गाडे आणि सदानंद बाकरे हे या गटाचे संस्थापक-सदस्य होत. १९५३ मध्ये मुंबईत भरलेल्या या गटाच्या प्रदर्शनात भानुमतींची चित्रे मांडली गेली होती. पुरुष चित्रकारांच्या या वर्तुळात एका तरुण स्त्रीला मिळालेले हे स्थान असामान्य होते.

याच सुमारास मुंबईतील इंग्रजी स्त्री-नियतकालिकांसाठी त्या पोशाखांची रेखाचित्रे काढू लागल्या. ‘ईव्ह्ज वीकली’ हे त्यांपैकी प्रमुख होय. या नियतकालिकाच्या संपादिकेने तयार पोशाखांचे एक दालन उघडले, तेव्हा भानुमतींना रेखाटनाबरोबरच प्रत्यक्ष पोशाख सिद्ध करण्याची संधी मिळाली. कागदावरील रेषा कापडावर उतरताना तिचे काय होते, कापडाचे वजन आकृतीला कसे बदलते, हे ज्ञान त्यांना येथे मिळाले. चित्रकलेचे स्वतंत्र क्षेत्र मागे पडले. तथापि चित्रकाराची शिस्त त्यांनी अखेरपर्यंत सोडली नाही. प्रत्येक पोशाखाचे प्रथम आरेखन करावयाचे, कापड, रंग व अलंकार यांची निवड त्याला जोडून ठेवावयाची आणि मगच ते काम शिंप्याकडे सोपवावयाचे, ही त्यांची पद्धत राहिली.

चित्रपटसृष्टीत प्रवेश : या दालनातील पोशाखांमुळे चित्रपट-अभिनेत्रींचे लक्ष त्यांच्याकडे वेधले गेले. कामिनी कौशल यांनी आपल्या चित्रपटांसाठी त्यांच्याकडून पोशाख करून घेतले आणि १९५३ च्या सुमारास त्यांचा चित्रपटसृष्टीत प्रवेश झाला. लवकरच राज कपूर यांच्या ‘श्री ४२०’ (१९५५) या चित्रपटासाठी त्यांनी काम केले. त्यातील नादिरा यांचा नृत्यगृहातील अंगासरशी बसणारा झगा हा त्यांच्या प्रारंभीच्या कामाचा ठळक नमुना होय. गावाकडून आलेल्या भोळ्या नायकापुढे महानगरातील संपत्ती आणि तिचा मोह हा त्या झग्याच्या रूपाने उभा राहतो. नर्गिस यांची या चित्रपटातील साधी सुती साडी आणि नादिरा यांचा चमकता झगा यांच्यातील विरोध हा कथेतील नैतिक विरोधच आहे. वेशाने कथेचा आशय सांगावा, ही त्यांची पुढील काळातील भूमिका येथेच सूचित होते.

गुरुदत्त यांच्या चित्रसंस्थेशी त्यांचे सहकार्य ‘सीआयडी’ (१९५६) पासून सुरू झाले आणि ‘प्यासा’ (१९५७), ‘चौदहवीं का चाँद’ (१९६०) व ‘साहिब बीबी और गुलाम’ (१९६२) या चित्रपटांपर्यंत चालले. यांपैकी शेवटचा चित्रपट वेशभूषेच्या दृष्टीने विशेष महत्त्वाचा आहे. बिमल मित्र यांच्या कादंबरीवर आधारलेल्या या कथेत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कलकत्त्यातील एका जमीनदार घराण्याचा ऱ्हास चित्रित झाला आहे. हवेलीच्या अंतःपुरात कोंडलेली छोटी बहू (मीनाकुमारी) आणि ब्राह्म समाजाच्या सुधारलेल्या वातावरणात वाढलेली जबा (वहिदा रहमान) या दोन स्त्रिया एकाच शहरात, एकाच काळात राहतात. परंतु त्यांची जगे भिन्न आहेत. पहिलीची भारी वस्त्रे व दागिने हे तिचे वैभव तसेच बंधन, तर दुसरीचा साधा व आटोपशीर वेश हा नव्या शिक्षणाचा परिणाम. रंगाचे साहाय्य नसताना केवळ पोत, किनार आणि नेसण्याची पद्धत यांच्या आधारे हा भेद उभा करण्यात आला आहे.

रंगीत चित्रपटांचा काळ : १९६० नंतर हिंदीत रंगीत चित्रपटांचे प्रमाण वाढले आणि वेशभूषेचे महत्त्व एकाएकी वाढले. यश चोप्रा यांच्या ‘वक्त’ (१९६५) मध्ये अथय्या यांनी साधना यांच्यासाठी अंगाबरोबर बसणारा कुडता व चुडीदार पायजमा यांची योजना केली. उत्तर भारतातील हा पारंपरिक पोशाख नव्या, नेटक्या बेतात पडद्यावर आला आणि शहरातील तरुणींनी तो उचलला. मासिकातील छायाचित्र किंवा चित्रपटातील प्रसंग शिंप्याला सांगून तसाच पोशाख शिवून घेण्याची रीत त्या काळात सर्वत्र होती. तयार कपड्यांची दुकाने थोडी असलेल्या समाजात चित्रपट हाच पोशाखांचा सर्वांत मोठा प्रचारक होता. ‘ब्रह्मचारी’ (१९६८) मधील नृत्यगीतासाठी मुमताज यांना दिलेली, निऱ्या व पदर आधीच शिवून बसविलेली नारिंगी साडी हाही असाच गाजलेला प्रयोग. नृत्याच्या जलद हालचालींत साडी सुटू नये, ही त्यामागची व्यावहारिक गरज होती. तिच्यातूनच एक नवे रूप निर्माण झाले. विजय आनंद यांच्या ‘गाइड’ (१९६५) मध्ये वहिदा रहमान यांच्या भूमिकेचा प्रवास पतीच्या घरातील उपेक्षित स्त्रीपासून कीर्तिमान नर्तकीपर्यंत होतो आणि या प्रवासाच्या अवस्था त्यांच्या वेशातूनही वाचता येतात.

लेख टंडन दिग्दर्शित ‘आम्रपाली’ (१९६६) हा चित्रपट बुद्धकालीन वैशालीच्या नगरवधूच्या कथेवर आधारलेला आहे. त्यासाठी अथय्या यांनी अजिंठ्याच्या लेण्यांतील भित्तिचित्रांचा अभ्यास केला आणि त्यांतील अंतरीय, उत्तरीय, कंचुकी व अलंकार यांच्या आधारे वैजयंतीमाला यांचे वेश सिद्ध केले. ड्रेसवाल्याच्या ठरीव भांडाराऐवजी प्रत्यक्ष कलावशेषांकडे वळण्याची ही पद्धती मुख्य प्रवाहातील हिंदी चित्रपटात लक्षणीय होती. इतिहासाच्या काटेकोर कसोटीवर मात्र या वेशांना मर्यादा पडतात. आम्रपालीचा काळ इ. स. पू. सहाव्या-पाचव्या शतकांचा, तर अजिंठ्यातील बहुसंख्य प्रसिद्ध चित्रे सुमारे इ. स. पाचव्या शतकातील, म्हणजे दोहोंत जवळजवळ एक हजार वर्षांचे अंतर आहे. शिवाय पोशाखांचा तंग बेत हा १९६० नंतरच्या अभिरुचीला धरून आहे. तथापि प्राचीन भारतीय स्त्रीची जी प्रतिमा या चित्रपटाने रूढ केली, ती पुढील कित्येक पौराणिक व ऐतिहासिक निर्मितींत अनुसरली गेली. ऐतिहासिक सत्य आणि नायिकेचे आकर्षण यांत तडजोड करण्याचा प्रश्न व्यावसायिक चित्रपटात त्यांना वारंवार पडला. राज कपूर यांच्या ‘सत्यम् शिवम् सुंदरम्’ (१९७८) मधील झीनत अमान यांच्या तोकड्या वेशांवर झालेला वाद हे त्याचे बहुचर्चित उदाहरण होय.

हेर्मान हेस यांच्या कादंबरीवर आधारलेला, कॉनरॅड रूक्स दिग्दर्शित ‘सिद्धार्थ’ (१९७२) हा त्यांच्या कारकीर्दीतील वेगळा टप्पा ठरला. शशी कपूर व सिमी गरेवाल यांच्या भूमिका असलेल्या या इंग्रजी चित्रपटाचे छायालेखन स्वेन निकविस्ट या विख्यात स्वीडिश छायालेखकाने केले होते. परदेशी निर्मितीच्या शिस्तीत काम करण्याचा हा अनुभव त्यांना दहा वर्षांनी उपयोगी पडला.

‘गांधी’ : गांधीजींच्या जीवनावर चित्रपट काढण्याचा ॲटनबरो यांचा प्रयत्न १९६२ पासून चालू होता, प्रत्यक्ष चित्रीकरण नोव्हेंबर १९८० मध्ये सुरू झाले. जॉन मोलो हे लष्करी गणवेशांच्या इतिहासाचे जाणकार होते आणि ‘स्टार वॉर्स’ (१९७७) बद्दल त्यांना पूर्वी ऑस्कर मिळाले होते. ब्रिटिश अधिकारी, सैनिक व इतर यूरोपीय पात्रांची बाजू त्यांनी सांभाळली. भारतीय पात्रांची संपूर्ण जबाबदारी अथय्या यांच्यावर होती. चित्रपटाची कथा १८९३ ते १९४८ या पंचावन्न वर्षांत आणि दक्षिण आफ्रिका, भारत व इंग्लंड या तीन देशांत पसरलेली आहे. तयारीसाठी मिळालेला अवधी मात्र काही महिन्यांचाच होता.

या चित्रपटातील वेशभूषेचे काम अन्य कोणत्याही चरित्रपटापेक्षा अवघड होते; कारण गांधीजींच्या जीवनात वस्त्र ही केवळ बाह्य गोष्ट नाही, ती त्यांच्या विचारांची भाषा आहे. लंडनमध्ये शिकणारा सुटाबुटातील विद्यार्थी, १८९३ मध्ये आफ्रिकेत उतरलेला कोटधारी व पागोटेधारी बॅरिस्टर, १९१३ च्या सत्याग्रहाच्या वेळी गिरमिटिया मजुरांचा वेश स्वीकारणारा नेता, जानेवारी १९१५ मध्ये मुंबई बंदरात काठियावाडी अंगरखा व फेट्यात उतरणारा प्रवासी आणि २२ सप्टेंबर १९२१ रोजी मदुराई येथे केवळ गुडघ्यापर्यंतच्या पंचावर आलेला महात्मा, अशा या अवस्था आहेत. १९३१ मध्ये गोलमेज परिषदेसाठी लंडनला गेले असता ते राजालाही याच वेशात भेटले. वस्त्र जसजसे कमी होत गेले, तसतसा त्यामागचा माणूस जनतेच्या दृष्टीने मोठा होत गेला. ही प्रक्रिया पडद्यावर विश्वसनीय वाटावयाची, तर प्रत्येक टप्प्यावरील कापडाचा जाडेभरडेपणा, त्याचा रंग आणि नेसण्याची रीत अचूक असणे आवश्यक होते. नदीकाठच्या एका दरिद्री स्त्रीकडे गांधीजी आपले वस्त्र प्रवाहात सोडून देतात, या प्रसंगात तर वस्त्र हाच प्रसंगाचा विषय आहे.

बेन किंग्जली यांच्याभोवती नेहरू, पटेल, जिना, आझाद यांसारखी, भारतीय प्रेक्षकांना छायाचित्रांतून परिचित असलेली पात्रे होती. रोहिणी हट्टंगडी यांच्या कस्तुरबा तरुणपणापासून वार्धक्यापर्यंत दाखवावयाच्या होत्या. या पात्रांच्या साड्या, टोप्या, शेरवान्या आणि शाली यांतील लहानशी चूकही भारतीय प्रेक्षकाच्या ध्यानात आली असती. याखेरीज मिठाच्या सत्याग्रहातील स्वयंसेवक, चंपारणचे शेतकरी आणि फाळणीच्या वेळचे निर्वासित असे प्रचंड समुदाय होते. दिल्लीच्या राजपथावर ३१ जानेवारी १९८१ रोजी, म्हणजे प्रत्यक्ष अंत्ययात्रेच्या तेहतिसाव्या स्मृतिदिनी, अंत्ययात्रेच्या प्रसंगाचे चित्रीकरण झाले. त्या वेळी सुमारे ३ लाख लोक उपस्थित होते. या सर्व दृश्यांत पोशाख मुद्दाम केलेला वाटत नाही, हेच वेशभूषेचे खरे यश होय. रंगीबेरंगी नृत्यगीतांसाठी प्रसिद्ध असलेल्या वेशभूषाकाराला सर्वोच्च सन्मान मिळाला, तो पांढऱ्या खादीच्या असंख्य छटांसाठी.

११ एप्रिल १९८३ रोजी लॉस अँजेल्स येथे झालेल्या पंचावन्नाव्या ऑस्कर समारंभात ‘गांधी’ला एकूण आठ पारितोषिके मिळाली, त्यांत वेशभूषेचे एक होते. अमेरिकेच्या चित्रपट अकादमीने वेशभूषेसाठी स्वतंत्र पारितोषिक १९४८ च्या चित्रपटांपासून सुरू केले होते. भारताच्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत मात्र अथय्या यांना ऑस्कर मिळाले, तेव्हा वेशभूषेचा विभागच नव्हता. तो १९८४ च्या चित्रपटांपासून, म्हणजे बत्तिसाव्या पुरस्कारांपासून सुरू झाला. जगाने ज्या कलेतील भारतीय कर्तृत्वाची नोंद घेतली, तिची गणना स्वदेशात तोवर पुरस्कारयोग्य अंगांत होत नव्हती, ही वस्तुस्थिती लक्षात घेण्याजोगी आहे.

उत्तरकाल : ऑस्करनंतरही अथय्या यांनी हिंदी चित्रपटसृष्टी सोडली नाही. गुलजार दिग्दर्शित ‘लेकिन...’ (१९९०) आणि आशुतोष गोवारीकर दिग्दर्शित ‘लगान’ (२००१) या चित्रपटांबद्दल त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. ‘लेकिन...’ मध्ये राजस्थानच्या वाळवंटात भटकणारी रेवा (डिंपल कपाडिया) ही जिवंत स्त्री की गतकाळाची सावली, हा संभ्रम कथेचा गाभा आहे. तिचा वेश त्या प्रदेशाचा वाटावा आणि तरीही वर्तमानकाळाचा वाटू नये, असे दुहेरी बंधन तेथे होते. ‘लगान’ची कथा १८९३ मधील चंपानेर या काल्पनिक खेड्यात घडते व तिचे चित्रीकरण कच्छमध्ये भुजजवळ झाले. दुष्काळाने गांजलेल्या गावकऱ्यांचे कपडे उन्हाने विटलेले व वापराने झिजलेले दिसणे आवश्यक होते. शिवाय लोहार, कुंभार, लाकूडतोड्या, ज्योतिषी, माजी शिपाई आणि अस्पृश्य अशा वेगवेगळ्या व्यवसायांच्या व जातींच्या अकरा खेळाडूंना मैदानावरील दूरदृश्यातही प्रेक्षकाने ओळखावे, अशी योजना करावयाची होती. समोर इंग्रजांचा एकसारखा पांढरा क्रीडावेश आणि इकडे प्रत्येकाचे पागोटे निराळे. दोन संघांतील हा फरक राज्यकर्त्यांची शिस्त आणि गावाची विविधता यांचा फरक म्हणून परिणामकारक ठरतो. त्यानंतर ‘स्वदेस’ (२००४) या समकालीन कथेवरील चित्रपटाची वेशभूषा त्यांनी केली. ‘नागरिक’ (२०१५) हा मराठी चित्रपट त्यांच्या अखेरच्या कामांपैकी एक होय. २००९ मध्ये त्यांना फिल्मफेअरचा जीवनगौरव पुरस्कार मिळाला. २०१० मध्ये वेशभूषाकलेवरील त्यांचा इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध झाला. आरेखने, छायाचित्रे आणि कामाच्या हकीकती यांमुळे तो या विषयाच्या अभ्यासकांना महत्त्वाचे साधन ठरला आहे.

त्यांच्या कारकीर्दीचे क्षेत्र चित्रपट हेच राहिले. परंतु याच काळात दूरचित्रवाणीच्या विस्ताराने वेशभूषेला दुसरे मोठे क्षेत्र मिळाले. ‘रामायण’ (१९८७-८८) व ‘महाभारत’ (१९८८–९०) या मालिकांनी मुकुट, झळकती वस्त्रे व अलंकार यांची शिळाछापांपासून चालत आलेली परंपरा पुढे नेली. उलट ‘चाणक्य’ (१९९१-९२) या मालिकेत न शिवलेल्या प्राचीन वस्त्रांकडे व साधेपणाकडे जाण्याचा प्रयत्न दिसतो. रूढ प्रतिमा आणि अभ्यासलेला इतिहास यांतील जो ताण अथय्या यांनी मोठ्या पडद्यावर अनुभवला, तोच येथेही आढळतो. दैनंदिन मालिकांच्या निर्मितीत मात्र अभ्यासाला मिळणारा वेळ आणखी कमी झाला.

वारशाचे जतन : चित्रीकरण संपल्यावर पोशाखांचे आयुष्य सामान्यतः संपते. ते पुन्हा कापून दुसऱ्या चित्रपटासाठी वापरले जातात, भाड्याने दिले जातात किंवा गोदामात कसर लागून नष्ट होतात. चित्रपटांच्या प्रतींचे जतन करण्यासाठी पुणे येथे १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. परंतु वस्त्रांच्या जतनाचे तंत्र वेगळे आहे. त्यांना उजेड, दमटपणा व कीड यांपासून जपावे लागते आणि भरजरी वस्त्रे टांगून न ठेवता आडवी ठेवावी लागतात. अशी पद्धतशीर व्यवस्था दीर्घकाळ झाली नाही आणि त्यामुळे हिंदी चित्रपटाच्या पहिल्या अर्धशतकातील बहुतेक मूळ पोशाख आज केवळ पडद्यावरच पाहावयास मिळतात. मुंबईतील राष्ट्रीय भारतीय चित्रपट संग्रहालय २०१९ मध्ये खुले झाले.

या परिस्थितीची तीव्र जाणीव अथय्या यांना होती. २०१२ मध्ये त्यांना मेंदूतील गाठीचे निदान झाले. त्याच वर्षी आपल्यामागे ऑस्करची मूर्ती सुरक्षित राहील याची खात्री वाटत नसल्याने ती अकादमीकडे परत पाठविण्याचा निर्णय त्यांनी घेतला आणि वर्षाअखेर तो अमलात आणला. २००४ मध्ये शांतिनिकेतनातून रवींद्रनाथ टागोर यांच्या नोबेल पारितोषिकाच्या पदकाची चोरी झाली होती. तिचा उल्लेख त्यांनी या संदर्भात केला होता. एका भारतीय कलावंताला मिळालेला हा पहिला सन्मान अशा रीतीने जतनासाठी परदेशी गेला. अखेरच्या काही वर्षांत आजारपणामुळे त्या अंथरुणाला खिळून होत्या. मुंबई येथे वयाच्या ९१ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. त्यानंतर त्यांची जुनी चित्रे व वेशभूषेची आरेखने प्रदर्शने आणि लिलाव यांमधून लोकांपुढे आली आणि वेशभूषाकारामागे झाकलेल्या चित्रकर्तीची नव्याने ओळख झाली.

मूल्यमापन : भारतीय चित्रपटात अथय्या यांच्यापूर्वीही सुंदर पोशाख होते, परंतु पात्र, कथा, काळ व प्रदेश यांचा विचार करून संपूर्ण चित्रपटाचा वेश आखणारी आणि त्या कामाबद्दल स्वतःच्या नावाने ओळखली जाणारी व्यक्ती क्वचितच होती. त्यांच्या उदाहरणाने ही जागा निर्माण झाली आणि पुढील पिढीतील वेशभूषाकारांना व्यावसायिक प्रतिष्ठा लाभली. व्यावसायिक चित्रपटाच्या मागण्यांपुढे त्यांना तडजोडी कराव्या लागल्या आणि त्यांच्या सर्वच कामात अभ्यासाची सारखी खोली आढळत नाही. तथापि ‘साहिब बीबी और गुलाम’मधील करड्या छटा, ‘गांधी’तील खादी आणि ‘लगान’मधील विटके रंग यांतून त्यांनी एक गोष्ट सिद्ध केली : पडद्यावरील वस्त्र कलाकाराला सजविण्यासाठी नसून माणूस उभा करण्यासाठी असते. त्यांचे काम चित्रपटांतून टिकून आहे. ज्या कापडात ते प्रथम साकार झाले, ते जपण्याची जबाबदारी मात्र बव्हंशी अपुरीच राहिली आहे.